स्वयंपाकघरापुरता धर्म

थंडीच्या दिवसांत दिल्लीच्या द्वारका वसाहतीतल्या बायका दुपारी घरात सापडत नाहीत. जेवणं आटोपली, की ऊन असेल त्या बाजूला सतरंज्या पडतात आणि मटारच्या पिशव्या रिकाम्या व्हायला लागतात. वीणाही त्या दिवशी सोसायटीच्या गच्चीवर बसली होती. तीन वर्षांची वल्लरी तिच्या मांडीवर आडवी होऊन सोललेले दाणे एकेक करून तोंडात टाकत होती, आणि समोर चंदा बसली होती.

"मम्मा, चंदामौसीका मटर मीठा है," वल्लरी म्हणाली.

"मौसी नाही, मावशी म्हण. आणि मटार गोड आहे, असं म्हण."

"राहू द्या ना ताई," चंदा हसली. "गोड लागून राह्यला ना तिले? मंग कोणत्या भाषेत लागला, त्याचं काय करता?"

चंदा मूळची वर्ध्याकडची. तिचा नवरा बाबुराव फरीदाबादला एका कारखान्यात फिटर होता. बाहेरचा माल स्वस्त येऊ लागला तशी कारखान्याची एकेक पाळी बंद होत गेली, आणि एक दिवस फाटकालाच कुलूप लागलं. मग ही दोघं द्वारकेत आली. इथे नव्या सोसायट्या उठत होत्या, नवराबायको दोघंही नोकरीला जाणारी घरं वाढत होती, आणि घरच्या डब्याला गिऱ्हाईक होतं. मागच्या गल्लीतल्या एका लहानशा फ्लॅटमध्ये चंदाचे डबे सुरू झाले. बाबुरावांची पाठ धरलेली असायची, पण ते सायकलवरून डबे पोचवायचे.

वीणा आणि चंदाची ओळखही डब्यातूनच झाली, आणि वल्लरीच्या जन्मानंतर ती ओळख राहिली नाही, नातं झालं. बाळंतपणाला वीणाच्या आईला पुण्याहून येता आलं नव्हतं. विक्रांत, म्हणजे वीणाचा नवरा, गुडगावला संगणकाच्या कंपनीत. त्याला सुट्टी मिळेना. तेव्हा चंदाच रोज यायची. बाळाला पायांवर घेऊन न्हाऊ घालायची, वीणाला डिंकाचे लाडू खाल्ल्याशिवाय उठू द्यायची नाही. दूध साचून छातीत गाठी झाल्या, ताप चढला, वीणा रडायला लागली, तेव्हा गरम पाण्यात फडकं पिळून शेकत बसली ती चंदाच. "रडा," ती म्हणाली होती. "दूधही मोकळं होते, माणूसही."

हे सगळं वीणाच्या मनात होतं, म्हणूनच त्या दुपारी तिने विषय काढला.

"चंदा, घरमालकाचं काय झालं गं?"

"होळीपर्यंत खाली करा म्हणते. त्याच्या पोराचं लग्न हाय. सुगतचं बारावीचं वर्ष, अन् आम्ही घर शोधून राह्यलो."

"मग ऐक. आपल्या गणपती मंदिराला स्वयंपाकीण हवी आहे. रोजचा नैवेद्य, चतुर्थीचा प्रसाद. कायमची नोकरी आणि मागच्या दोन खोल्या राहायला."

चंदाचे हात थांबले. मटारची शेंग अर्धी उघडी तशीच राहिली.

"आम्हाले घेतील?"

"न घ्यायला काय झालं?"

"तुम्हाले माहीत हाय काय झालं ते."

"अगं, हे काय गाव आहे? दिल्ली आहे ही. कोण कुठला, कुणी विचारत नाही इथे. आणि कमिटीत मी आहे ना."

दुसऱ्या दिवशी चंदा हसतहसतच आली. बाबुरावांना म्हणे आधी पटलं नव्हतं. "आपण दीक्षा घेतली, गणपतीले मानणार नाही म्हणून शब्द देला, अन् आता त्याचाच सैपाक करते का?" असं ते म्हणाले. मग चंदाने त्यांना विचारलं, "मी ऑफिसवाल्यांचा डबा बनवतो, तर का त्यांच्या सायबाले पूजतो? नोकरी रांधायची हाय. पूजा करायला भटजी हाय त्यांच्याकडे." यावर बाबुराव म्हणाले, "खोल्यांले नळ हाय का ते विचार."

नेमणुकीआधीची परीक्षा म्हणून माघातल्या गणेशजयंतीला चंदाच्या हातचा महाप्रसाद ठरला. पहाटेपासून ती पाटावर बसून होती. वरण, भात, बटाट्याची भाजी, आणि हाताला न चिकटणारे, पाकळी न फुटणारे मोदक. द्वारकेतली मराठी मंडळी तर होतीच, पण कोपर्निकस मार्गावरच्या आपल्या राज्याच्या अतिथिगृहातले लोकही आले होते. मांडवातल्या प्रत्येक पंगतीत एकच प्रश्न फिरत होता, की स्वयंपाक कुणाचा.

पद्माकरराव मंदिराचे अध्यक्ष. मंत्रालयातून निवृत्त झालेले, बोलायला अतिशय मृदू. त्यांनी चंदाला मुद्दाम पंगतीत बोलावून घेतलं.

"वा, बाई. दिल्लीत असं वरण मी पहिल्यांदा खातोय. आडनाव काय तुमचं?"

"गजभिये, जी."

पद्माकररावांनी हातातला घास खाल्ला. टाकला नाही, तेवढे ते सभ्य होते. पण भात पुन्हा वाढायला आला तेव्हा त्यांनी पानावर हात आडवा धरला. वीणा शेजारच्या पंगतीत वल्लरीला भरवत होती. तिने तो हात पाहिला आणि पाहिला नाही असं केलं.

पुढच्या रविवारी कमिटीची बैठक झाली. आज निकाल लागेल म्हणून वीणानेच चंदाला यायला सांगितलं होतं. कार्यालयाच्या दाराला फळ्या नव्हत्या, नुसता पडदा होता. आणि पडद्यापलीकडे ओट्यावर चंदा मंदिराचे तांदूळ निवडत बसली होती. रिकामं बसून काय करू, म्हणून तिने ताट आपणहून मागून घेतलं होतं.

खजिनदार श्यामकांत आडपडदा न ठेवणारा माणूस. खुर्चीत बसल्याबसल्या त्याने सुरुवात केली.

"हे बघा, मी स्पष्ट बोलतो. घरी आपण सगळेच सगळ्यांच्या हातचं खातो. माझं वैयक्तिक काही नाही. पण देवाचा नैवेद्य आहे. लोक विचारणार, आणि ती बाई जातीने—"

श्यामकांतचा आवाज वाक्यागणिक चढत होता. पडदा वाऱ्याने हलत होता. आता हा शब्द बाहेर पडणार, आणि तो त्या ओट्यावर, त्या ताटापाशी जाऊन पोचणार. जिने आपल्याला शेकून बरं केलं, तिने हे ऐकायचं? वीणाला दुसरं काही सुचलं नाही. आणि जे सुचलं, ते तिला त्या क्षणी फार शहाणपणाचं वाटलं.

"जातीचं नका काढू," ती घाईघाईने, दबक्या आवाजात म्हणाली. "ते बरोबरही नाही आणि शोभतही नाही. फार तर... म्हणजे म्हणायचंच असेल, तर धर्माचं म्हणता येईल. त्या बौद्ध आहेत. पुष्कळ देवस्थानांत नोकरीला हिंदूच लागतो, असं असतं ना? तसं सांगितलं तर कुणाला लागणार नाही."

खोलीत एकदम मोकळं मोकळं झालं. श्यामकांतने पाय पसरले. कुणीतरी चहाचं विचारलं.

"हे उत्तम सुचलं तुम्हाला," पद्माकरराव म्हणाले. "यात कुणाचा अपमान नाही. त्यांचा धर्म त्यांना लखलाभ, आपला आपल्याला. मंदिराच्या नोकरीला हिंदू असणं आवश्यक. बस. पुढच्या सर्वसाधारण सभेत नियम म्हणून मंजूर करून घेऊ. आणि वीणाताई, त्यांना तुम्हीच सांगा हं. तुमचा शब्द गोड असतो."

शिकलेल्या माणसाला आज जातीचं नाव उघड घ्यायची लाज वाटते. पण ही लाज बहुतेक वेळा नावापाशीच थांबते. ती नाव बदलून घेते आणि निश्चिंत होते. वीणाही त्या दिवशी निश्चिंतच होती. चंदाला एका वाईट शब्दापासून वाचवलं, याचं तिला मनातून समाधान वाटत होतं.

तिने ओट्यावर चंदाच्या शेजारी बसून सांगितलं. चंदाने शेवटचे खडे वेचून बाजूला काढले.

"म्हणजे धर्माचं हाय?"

"हो गं. सगळीकडेच असतो तसा नियम. मला आधी माहीत नव्हतं."

"मंग ठीक हाय," चंदा म्हणाली, आणि तिच्या चेहऱ्यावरचा ताण खरंच थोडा सैल झाला. "धर्म तर आमचा निराळाच हाय. तो आम्ही घेतला, कोणी लादला नाही. त्याच्यापायी नोकरी गेली, तर गेली. मले वाटलं होतं दुसरंच काही असन." मग तिने वीणाच्या हातावर हात ठेवला. "तुम्ही काहून तोंड पाडून बसल्या? तुमचा काय दोष?"

त्या हाताखालून वीणाला आपला हात काढून घ्यावासा वाटला. पण तिने तो तसाच राहू दिला.

यानंतर जे घडलं, ते चंदाच्या सरळपणामुळे घडलं. तिला जे कारण सांगितलं होतं, ते तिने खरं मानलं.

फरीदाबादला तिची मावसबहीण राहायची, भीमाबाई. नवरा गेलेला, पदरात एक मुलगी. त्यांच्या घरात कुणी दीक्षा घेतलीच नव्हती. देव्हाऱ्यात खंडोबा, मारुती, दर चतुर्थीला उपास. दोघी एकाच चुलीपाशी स्वयंपाक शिकल्या होत्या. आपण बौद्ध म्हणून नाही चालत, तर ही हिंदू आहे, हिला चालेल. निदान त्या खोल्या घरातल्याच माणसाला मिळतील. चंदा तिला घेऊन थेट मंदिरात आली. येताना वीणालाही तिने हाक मारली, आणि वीणा वल्लरीला कडेवर घेऊन निघाली. वाटेत तिला एकदा वाटलं, हिला थांबवावं. पण थांबवायचं म्हणजे कारण सांगायला हवं होतं.

पद्माकरराव आणि श्यामकांत कार्यालयात होते.

"ही माही बहीण," चंदा म्हणाली. "ही हिंदू हाय. तुमची अट हिले लागत नाही. सैपाक माह्यासारखाच करते, माह्यापेक्षा बराच म्हणा."

पद्माकररावांनी भीमाबाईच्या कपाळावरचं गोंदण पाहिलं, मग चंदाकडे, मग वीणाकडे.

"बहीण म्हणजे सख्खी?"

"मावशीची."

"अच्छा, अच्छा." ते खोकले. "त्याचं असं आहे, की स्वयंपाकाला आता आम्ही अनुभवी माणूस बघतोय. मोठ्या देवस्थानातला अनुभव."

"गेल्या बैठकीत तर अनुभवाचं काही निघालं नव्हतं," वीणा म्हणाली. तिचा आवाज तिलाच बारीक वाटला.

"वीणाताई," पद्माकरराव हळूच हसले, "आता तुम्हाला का मी समजावून सांगायचं?"

श्यामकांतने विषय आवरता घेतला. "बाई गरजू दिसतात. असं करू, मागची साफसफाई आहे. मोठी भांडी घासायची, संडास-बाथरूम, चपलांचा स्टँड. त्याला आपल्याला माणूस हवाच आहे. येता?"

"करीन जी," भीमाबाई पटकन म्हणाली. तिला मुलीची शाळा दिसत होती.

"हवं तर चंदाबाई, तुम्हीही या. दोघी मिळून करा."

"अन् धर्म?" चंदाने विचारलं.

"तिकडे धर्माचं काही नाही हो. तो नियम स्वयंपाकघरापुरता."

हे बोलताना श्यामकांतच्या मनात काही कपट नव्हतं. त्याला ते इतकं साधं वाटलं, की तो लगेच किल्ल्या शोधायला लागला.

चंदाने त्याच्याकडे पाहिलं नाही. पद्माकररावांकडेही नाही. तिने वीणाकडे पाहिलं, आणि बराच वेळ पाहिलं. वीणाने मान वळवून वल्लरीचं नाक पुसलं. नाक कोरडंच होतं.

त्या दिवसापासून चंदा यायची बंद झाली. डबा द्यायला बाबुराव येत. "चंदामौसी कब आएगी?" म्हणून वल्लरी दारात बसायची, आणि 'मावशी' म्हणून तिला दुरुस्त करायचंही वीणाच्या जिवावर यायचं.

"यार, तू उगाच मनाला लावून घेतेस," विक्रांत म्हणाला. "तू तर मदतच करत होतीस. ते लोक तसे आहेत, त्याला तू काय करणार?"

"ते लोक अडकले होते, विक्रांत. जातीचं नाव उघड घ्यायला त्यांनाही जड जात होतं. मी त्यांना सोडवलं."

"बिल्कुल नाही. तू शब्द बदललास फक्त."

"तेच म्हणतेय मी."

तो टीव्हीचा आवाज वाढवत म्हणाला, "जाऊन सॉरी म्हण, चलो, विषय संपला."

ती गेली. फ्लॅटच्या दारात पोती बांधून ठेवलेली होती. सुगत कोपऱ्यात अभ्यासाला बसला होता. वर भिंतीवर बुद्ध आणि बाबासाहेबांच्या तसबिरी तेवढ्या उतरवायच्या राहिल्या होत्या. चंदा पितळी डबे कागदात गुंडाळत होती. तिने 'बसा' म्हटलं, पाणी दिलं. वीणाने सगळं सांगितलं. बैठकीत काय झालं, श्यामकांतच्या तोंडात कुठला शब्द आला होता, आणि धर्माचं कारण कुणी सुचवलं.

"मला वाटलं तुला लागेल," ती शेवटी म्हणाली.

चंदाने हातातला डबा खाली ठेवला.

"लागलं असतं, ताई. मंग? लागलेलं आम्हाले नवीन हाय का? मी पडदा सारून आत आली असती. म्हणली असती, त्या दिवशी पंगतीत चाटून पुसून खाल्लं तेव्हा कुठं गेलती जात? नोकरी नसती भेटली. पण मी बोलली असती. तुम्ही मले बोलूच नाही देलं. मले वाटलं, खरंच नियम हाय. म्हणून भीमीले घेऊन गेली. आता ती रोज त्यायचे संडास धुते, अन् तिले तिथं मी नेऊन बसवलं. माह्या हातानं."

"मला माफ कर."

"माह्यापाशी काय मागता?" चंदाने डबा पुन्हा उचलला. "नियम काय माह्या घरात बनला? जिथं सांगितलं, तिथं जाऊन सांगा."

सर्वसाधारण सभा फाल्गुनात, मंदिराच्याच सभामंडपात भरली. माणसं चांगली जमली होती, कारण सभेनंतर प्रसादाचं जेवण होतं. साताऱ्याकडून आणलेल्या नव्या आचाऱ्याचा आज पहिला दिवस. बाबुराव-चंदा आदल्याच आठवड्यात फरीदाबादला भीमाबाईच्या एका खोलीत राहायला गेले होते. सुगतची परीक्षा तोंडावर होती. भीमाबाई मात्र तिथून रोज येत होती. मागच्या नळावर ती पातेली घासत होती, आणि नळाचा आवाज मंडपापर्यंत येत होता.

पद्माकररावांनी विषय वाचला. "मंदिराच्या सेवेत नेमणुकीसाठी उमेदवार हिंदू असावा. ही सूचना मुळात आपल्या वीणाताईंची, तेव्हा सूचक म्हणून त्यांचंच नाव घालतोय. तुम्ही दोन शब्द बोला, म्हणजे टाळ्यांनी मंजूर करू."

वीणा वल्लरीला कडेवर घेऊन उभी राहिली. पुढच्या रांगेत विक्रांत होता. त्याने डोळ्यांनी 'बस' असं खुणावलं. घरी तिने पुष्कळ काही जुळवलं होतं, समतेचं, संतांचं. त्यातलं काही आठवेना. आठवलं एवढंच, की एक माणूस पडद्यापलीकडे तांदूळ निवडत होतं आणि आपण गोड शब्दांत बोललो होतो.

"ही सूचना माझी आहे," ती म्हणाली. "पण हा नियम धर्माचा नाही. चंदा गजभिये यांना त्यांच्या जातीमुळे नाकारलं. जात म्हणायची लाज वाटत होती, म्हणून धर्म म्हणायचं मी सुचवलं. त्यांची बहीण हिंदू आहे, तिलाही स्वयंपाकघरात घेतलं नाही, संडास धुवायला ठेवलं. मी माझी सूचना मागे घेते. आणि तुम्ही ती मंजूर करणार असाल, तर कशासाठी करताय ते माहीत असून करा."

श्यामकांत छताकडे बघत राहिला. बायकांच्या रांगेतून एक आवाज आला, "देवाच्या दारात हे काय बोलणं?" आणि दुसरी एक जण उठून मुलाला घेऊन बाहेर निघून गेली. पद्माकरराव मृदूच होते. "वीणाताई, तुम्हाला बरं वाटत नाहीये का? बसा तुम्ही. आपण पुढचा विषय घेऊ."

तेवढ्यात मागचा नळ बंद झाला. भीमाबाई पदराला हात पुसत मंडपाच्या मागच्या दाराशी येऊन उभी राहिली. उंबऱ्याच्या बाहेरच. तिने आपलं किंवा बहिणीचं नाव ऐकलं असावं.

"काय म्हणल्या, बाई?" तिने विचारलं. "पाण्याच्या आवाजात मले ऐकू नाही आलं."

सगळ्या माना तिच्याकडे वळल्या, आणि मग हळूहळू वीणाकडे. पद्माकररावांनी हाताने 'राहू द्या' केलं. वीणाने वल्लरीला खाली उतरवलं, तिचं बोट धरलं, दाराकडे तोंड केलं, आणि पहिल्या शब्दापासून सगळं पुन्हा सांगायला सुरुवात केली. या वेळी मोठ्याने.